वरचा तुंबा

"वीस किलो सांगून अठरा देता? मापात पाप करायला काहीच वाटत नाही?"

चोंगजू शहरातून तीन तास गाडी हाकत आलेला तो तरुण भर धक्क्यावर तावातावाने बोलत होता... आणि दासोमची कानशिलं तापली होती. हा काटा आधी तिच्या वडिलांनी सांभाळला, ते गेल्यावर तिने. त्याच्याकडे बोट दाखवायची हिंमत आजवर कुणी केली नव्हती.

"गेले काही आठवडे माल नेताय. नाव काय तुमचं?"

"ग्युहो. आईचं नूडल्सचं दुकान होतं. आता मी चालवतो." त्याचा आवाज एकदम उतरला. "गिऱ्हाइकं म्हणतात, आईच्या सूपमध्ये तिसऱ्यांचे शिंपले जास्त असायचे. असंच चाललं तर कुलूप लावायची वेळ येईल हो."

बाई गं! दासोमचा अर्धा राग तिथेच विरला. उरलेल्या अर्ध्याने तिने तिसऱ्यांची जाळी काट्याला अडकवली. बरोबर वीस.

"आता थांबा तीन तास. तिसऱ्या वाटेत पाणी सोडतात, ते डोळ्यांनी बघा. अठरा भरले तर काय द्याल?"

"माफी मागेन."

"नुसतीच?"

"तुमच्या टोपल्या घासून देईन!"

तिला हसू आवरलं नाही.

जाळी सावलीत लटकत राहिली. टप... टप... खाली ओल पसरत होती. ओहोटीच्या चिखलाचा वास, पालथ्या खोक्यांवर दोघं, मध्ये एक भाजलेलं रताळं. त्याच्या बोटांवर वाफेने भाजल्याच्या खुणा होत्या. सारख्या तिकडेच नजर जातेय, हे कळल्यावर ती स्वतःवरच चिडली.

"आणि वीस किलोत गर जेमतेम चार-पाच किलो. बाकी सगळं कवच नि पाणी. आईने सांगितलं नाही?"

"सांगायला... तिला वेळच मिळाला नाही."

दासोमने रताळ्याचा मोठा तुकडा त्याच्यापुढे सरकवला. कशाला विचारलं आपण, असं तिला झालं.

तीन तासांनी काटा अठराच्या जरा वर थांबला. ग्युहो उठला आणि कमरेत पार वाकला. "चुकलो. पण मग आईला कसं पुरायचं?"

शेजारी तिसऱ्या निवडत बसलेल्या सुन्दोक मावशीला राहवेना. "अरे शहाण्या, तुझी आई तुंबा घ्यायची! वजनाच्या वर हा भोपळ्याचा तुंबा भरून तिसऱ्या, वाटेत गळणाऱ्या पाण्याच्या बदल्यात. फुकट! तू तर पहिल्याच दिवशी हिचा हात धरलास... म्हणे, पुरे, मापातलंच द्या!"

"मला वाटलं, जास्तीचा माल गळ्यात मारताय..."

"इथे तुंबा नाकारणं म्हणजे संबंध नको म्हणणं," दासोम हळूच म्हणाली. "मला फार लागलं होतं ते."

ग्युहोने लगेच जाळीचं तोंड उघडून धरलं. तिने तुंबा भरून ओतला.

"एकच हं!" मावशी ओरडली. "दुसरा फक्त घरच्या माणसाला!"

त्यानंतर प्रत्येक मंगळवारी तो येत राहिला. दुकान सावरलं. 'अहो'चं 'अगं' कधी झालं, दोघांनाही कळलं नाही. मंगळवारी मात्र दासोमला पहाटेपासून गाड्यांचे आवाज ऐकू यायचे.

आणि मग जुलै आला. तिसऱ्या अंडी घालायच्या म्हणून दोन महिने बंदी. शेवटच्या दिवशी वीस किलो मोजून झाले, तरी ग्युहोचा पाय निघेना.

"उद्यापासून काटा बंद," ती म्हणाली.

"मग मी कशाला येऊ?"

"नको येऊस." मनात नव्हतं, पण बोलून तर बसली!

"दासोम... पहिल्या दिवशी तुझा हात धरला, तो चुकून. आज..."

"आज काय?"

"आज मुद्दाम धरावासा वाटतोय. जन्मभरासाठी. तू नको म्हणालीस, तर आईची शपथ, पुन्हा या धक्क्यावर दिसणार नाही."

दासोमने वर पाहिलंच नाही. तिने तुंबा उचलला, भरला, जाळीत ओतला. ग्युहो मान खाली घालून जाळीचं तोंड बांधायला लागला... तिने त्याचा हात बाजूला केला आणि तुंबा पुन्हा काठोकाठ भरला.

"अगं ए!" मावशी किंचाळली. "दोन झाले ना!"

"मला मोजता येतं, मावशी," दासोम म्हणाली आणि तिने दुसरा तुंबा जाळीत रिता केला.