ओळख पटली, पण परवानगी नाही

मूर्तिजापूरच्या स्टँडवर बस थांबली आणि पाऊस आला. शेतात फुटलेल्या कापसावरचा, कुणालाच नको असलेला पाऊस. खिडकीची काच सरकेना, म्हणून पौर्णिमा ओढणी डोक्यावर घेऊन पुढच्या सीटवर जाऊन बसली. शेजारचा मुलगा मांडीवर लॅपटॉप घेऊन फोनवर कुणाशी तरी भांडत होता.

"अरे, चारशे एकचा एरर येऊन राहिला म्हणतो ना! टोकन बराबर देऊन राहिलो, तरी सर्व्हर मले ओळखतच नाई. ज्यानं कोणं हे बनवलं ना..."

पौर्णिमाला पडद्यावरचा पत्ता दिसला. तिचाच सर्व्हर.

"लॉगिन केल्यावर मिळणाऱ्या टोकनची मुदत एका तासाची आहे," ती हळूच म्हणाली. "सकाळचं चालणार नाही. पुन्हा लॉगिन करा."

तो वळला. केसांवरून पाणी ओघळत होतं. "तुमाले कसं माहीत?"

"ज्यानं कोणं बनवलं... ती मी."

त्याचे कान लाल झाले. तो अंकुर. मूळचा हिवरखेडचा, आता अमरावतीत राहून मोबाईलची ॲप बनवायचा. अकोल्याची एक संस्था शेतकरी घरांसाठी हेल्पलाइन चालवायची. मन मोकळं करायला कुणी फोन केला की तिथले स्वयंसेवक ऐकून घ्यायचे. पौर्णिमा त्या संस्थेत नोकरीला होती. रोज अमरावतीहून ये-जा करायची. सगळ्या नोंदी जिथं साठत, तो सर्व्हर ती सांभाळायची. स्वयंसेवकांचं ॲप बनवायचं काम नुकतंच अंकुरला मिळालं होतं.

त्यानं नवीन टोकन घेतलं. "आता चारशे तीन म्हणते."

"चारशे एक म्हणजे तुम्ही कोण, तेच सर्व्हरला माहीत नाही. चारशे तीन म्हणजे तुम्ही कोण ते कळलं... पण आत यायची परवानगी नाही."

"मंग बरंच झालं की," तो म्हणाला. "ओळख तरी झाली."

हसू दिसू नये म्हणून पौर्णिमा भिजणाऱ्या खिडकीकडे बघत राहिली. बडनेरा कधी आलं, ते तिला कळलं नाही.

मग त्याचे फोन सुरू झाले. कधी खरी अडचण असायची, कधी अजिबात नसायची. "मॅडम, आज समदं चालू आहे. तेच सांगाले फोन केला." ती मुद्दाम कोरड्या आवाजात विचारायची, "मग फोन कशाला?" तो म्हणायचा, "असाच."

एकदा बोलता बोलता तो म्हणाला, "या हेल्पलाइनचा उपयोग होते लोकाईले. मले माहीत आहे." आणि घाईनं विषय बदलला.

ते वाक्य पौर्णिमाच्या मनातून जाईना. तिच्या लॉगिनला कशाचीच अडकाठी नव्हती. सर्व्हर उभा करताना सगळी दारं तिला उघडी ठेवली होती, नंतर बंद करायचं कुणाच्या डोक्यात आलं नव्हतं. एका दुपारी ऑफिसातले सगळे जेवायला गेले असताना तिनं त्याचा मोबाईल नंबर टाकला. नुसतं बघते, असं स्वतःला सांगत.

नोंद होती. बोंडअळीनं कपाशी खाल्ली, त्या हिवाळ्यातली. 'बाबा वावरात जात नाहीत, दिवसभर दारात बसून राहतात. मला त्यांची लाज वाटते. आणि लाज वाटते याचीच जास्त लाज वाटते. म्हणून मी अमरावतीला निघून आलो.'

तिनं पान बंद केलं. पण वाचून झालं होतं.

दिवाळी तोंडावर असताना अंकुर कामासाठी अकोल्याला आला. दोघं स्टँडसमोर चहा प्यायला थांबली. दिवाळीला घरी जाणार का, असं तिनं विचारलं. "काम आहे," तो ग्लासात बघत म्हणाला.

त्याचा उतरलेला चेहरा तिला बघवेना. "जा ना," ती म्हणाली. "बाबा दारात बसतात म्हणून काय झालं? त्यात लाज वाटण्यासारखं..."

ती थांबली. पण शब्द निघून गेले होते.

अंकुरनं ग्लास खाली ठेवला. "हे मी तुमाले सांगतलं नव्हतं."

मान वर करायची तिला हिंमत होईना.

"एकाच माणसाले सांगतलं होतं. फोनवर. त्याचं नावही मले माहीत नाई, म्हणून तर सांगता आलं." त्याचा आवाज चढला नाही. चढला असता तर तिला बरं वाटलं असतं. तो उठला आणि गर्दीतून निघून गेला.

दुसऱ्या दिवशी संस्थेच्या प्रमुख जमुनाताईंसमोर पौर्णिमानं सगळं सांगितलं. कारण मात्र तिला सांगता येईना. जमुनाताईंनी ते विचारलंही नाही.

"त्याला मी कळवणार," त्या म्हणाल्या. "त्याची नोंद आहे, ती ठेवायची का पुसायची हे तो ठरवील. आणि खऱ्या नोंदींचं तुझं लॉगिन आजपासून बंद. सर्व्हर दुरुस्त कर, पण चाचणीपुरत्या खोट्या नोंदींवर."

ती मान खाली घालून कामाला लागली. यापुढं ज्या स्वयंसेवकानं फोन घेतला, त्यालाच ती नोंद दिसेल. सर्व्हर सांभाळणाऱ्याला ना नाव दिसेल, ना नंबर. आपण कोण, हे सिद्ध केलं म्हणून काहीही वाचायचा हक्क मिळत नाही, हे ती कितीतरी लोकांना समजावत आली होती. आता तेच लिहिताना तिचे डोळे भरून येत होते.

अंकुरनं नोंद पुसायला सांगितली. पौर्णिमाला फोन मात्र केला नाही.

दिवाळीनंतर तो ॲप सोपवायला ऑफिसात आला. काम झालं, जमुनाताई आत गेल्या, आणि जिन्यापाशी दोघंच उरली.

"आता मला कुणाचीच नोंद दिसत नाही," पौर्णिमा म्हणाली. "पण मी वाचलं, ते काही पुसता येत नाही. मला तुमच्याबद्दल... सगळं जाणून घ्यायचं होतं. का, ते तुम्हाला कळलंच असेल. त्याचीच लाज वाटते."

"राग आलता मले," अंकुर म्हणाला. "अजून थोडा आहे."

"असू द्या."

तो जिन्याच्या कठड्यावर बोटं फिरवत राहिला. "दिवाळीत घरी गेलतो मी."

"मी विचारलं नव्हतं..."

"म्हणूनच सांगून राहिलो." तो पहिल्यांदा तिच्याकडे नीट बघत होता. "बाबा दारातच होते. मीबी जाऊन बाजूले बसलो. लय वेळ. मंग ते म्हणाले, ऊन आलं, सरक इकडे. बस, तेवढंच." त्यानं कठड्यावरचा हात काढला. "यापुढं काही वाटलं, तर मले विचारत जा, पौर्णिमा. सांगावं का नाई, ते मी ठरवीन. पण विचार."

आजवरचं 'मॅडम' गळून पडलेलं तिला कळलं. विचारायचं खूप होतं... त्याची आई, त्याचं गाव, तिच्या आवाजाची त्याला आठवण यायची का ते. तिनं त्यातलं सगळ्यात लहान निवडलं.

"जेवलास?"

अंकुरला हसू आलं. "नाई."

"चल मग," ती म्हणाली आणि जिना उतरू लागली. पायऱ्या अरुंद होत्या, तरी तो मागे न राहता तिच्या शेजारूनच उतरत होता.