झालं असं समज

सकाळपासून तिसऱ्यांदा मायग्रेशन अडलं, तेव्हा मात्र वृंदा शेजवलकरचं डोकं फिरलं. पडद्यावर तोच हटवादी निरोप होता: 'समाप्तीची तारीख' हा रकाना सापडत नाही.

"न सापडायला काय झालं? तीन वर्षांपूर्वीच घातलाय की!" ती करवादली.

नाशिकच्या त्या कचेरीत शामक चकतीचं सॉफ्टवेअर सांभाळलं जाई. जवळचं माणूस गेलेल्यांच्या कानामागे, त्वचेखाली, मसुराएवढी चकती बसवत. ती दुःख बोथट करी. माणूस उठे, जेवे, कामाला लागे. सहा महिन्यांनी चकती मंद होत होत आपोआप बंद पडायची, आणि तिला परवानगी मिळाली होती ती याच अटीवर. ठिकठिकाणच्या हजारो चकत्या आपली समाप्तीची तारीख आली का, हे सतत इथल्या डेटाबेसला विचारून चालत. वृंदाच्याही कानामागे एक होती. धाकटी बहीण मुक्ता अपघातात गेली तेव्हा बसवलेली, आणि तिच्या समजुतीने केव्हाच बंद झालेली.

आईने चकती साफ नाकारली होती. मुक्ताचं नाव निघालं की ती अजून पदर डोळ्यांना लावी आणि म्हणे, "वृंदे, तू बाई दगडाची आहेस." वृंदाला ते लागत नसे. आपण खंबीर आहोत, एवढंच तिला वाटे, आणि त्याचा थोडा तोराही होता.

डेटाबेसच्या रचनेतला बदल, म्हणजेच मायग्रेशन, पायरीपायरीने करतात. कोणती पायरी झाली याची नोंद डेटाबेस स्वतःच ठेवतो. वृंदाने ती नोंद उघडली. समाप्तीच्या तारखेची पायरी पूर्ण झाल्याचं तिथे ठळक लिहिलं होतं. मग तिने प्रत्यक्ष तक्ता उघडला. रकाना नव्हताच.

"अत्तार सर, जरा इकडे येता का?"

प्रकल्पाचे प्रमुख इक्बाल अत्तार हसतमुखाने आले, चष्मा सावरून वाकले आणि तसेच वाकलेले राहिले.

"'झालं असं समज' चालवलंय कोणीतरी," वृंदा म्हणाली. पायरी न चालवता नुसती झाल्याची खूण करणारी ही कमांड म्हणजे घाईत असलेल्यांची लाडकी पळवाट.

"कोणीतरी नाही, मीच." अत्तारांचा आवाज खोल गेला. "माझ्या मशीनवर रकाना आधीच हाताने घातला होता, म्हणून पायरी अडत होती. तिथे चालवायची होती ही कमांड. समोर मुख्य डेटाबेस उघडा होता... या अल्ला!" ते मटकन खुर्चीत बसले.

वृंदाचा हात कानामागे गेला. "म्हणजे एकही चकती बंद झालेली नाही. माझीसुद्धा."

अत्तारांनी खुर्ची पडद्याजवळ ओढली. ते म्हणाले, "रकाना आत्ता घालू. सगळ्यांना पुढची तारीख देऊ. हळूहळू बंद होतील."

"आणि आतलं दुःख? इतक्या वर्षांत ते विरलंय की साठलंय, कोणाला ठाऊक आहे? चाचण्या सहा महिन्यांपुरत्याच झाल्यात." तिने रकाना घातला. स्वतःची ओळ शोधली. तारखेच्या जागी आजची तारीख टाकली.

"वेड लागलंय का तुला? डॉक्टरांना तरी बोलावू दे!"

"नवी पायरी आधी एका ओळीवर चालवून बघायची, हे तुम्हीच शिकवलंत, सर."

तिने कळ दाबली. काहीच झालं नाही. बाहेर कोणीतरी पार्किंगवरून वाद घालत होतं, तो तिला स्पष्ट ऐकू आला. ती हसून काहीतरी म्हणणार, तोच तिचा श्वास अडकला.

"सर," ती म्हणाली, "मुक्ता गेली."

अत्तार गोंधळून पाहत राहिले.

"आमची मुक्ता गेली, सर!" आत्ताच फोन आल्यासारखी ती किंचाळली. शेजारच्या टेबलांवरची माणसं उठून उभी राहिली. वृंदा जमिनीवर बसली होती आणि तिच्या तोंडून निघणारा आवाज तिचा तिलाच ओळखू येत नव्हता. इतकं दुखतं? आणि हे सगळं आत असताना ती सिनेमे पाहत होती, गावभर हिंडत होती, हसत होती!

अत्तारांनी घाईघाईने कीबोर्ड ओढला. "उलट फिरवतो. एका क्षणात थांबेल."

वृंदाने त्यांचं मनगट घट्ट धरलं. "नको. माझी बहीण गेलीय. मला रडू द्या."

अत्तारांनी कीबोर्ड सोडला. पडद्यावर वृंदाच्या ओळीखाली हजारो नावं होती आणि त्यांच्यापुढचे रकाने रिकामे होते. ही सगळी माणसं या घटकेला कुठेतरी निवांत जेवत असतील, मुलांशी खेळत असतील.

"आणि यांचं काय करू, वृंदा?" त्यांनी विचारलं.