सांगायचं नाही, विचारायचं नाही

ती आली होती मावशीचं पुस्तकं ऐकायचं बंद पडलेलं यंत्र बदलून घ्यायला, आणि बसली माइकसमोर.

अंध वाचकांसाठी पुस्तकं ध्वनिमुद्रित करणारी ती संस्था. तिचा स्टुडिओ सर्वांत वरच्या मजल्यावर, पत्र्याखाली होता. भिंतींना जाड कापड, मधोमध काच. काचेच्या एका बाजूला यंत्रं, दुसऱ्या बाजूला टेबल, माइक आणि वाचणाऱ्याची खुर्ची. त्या दुपारी वाचायला येणाऱ्या बाईंचा घसा बसला होता, आणि ध्वनिमुद्रक दारात उभा राहून जिन्यावरून येणाऱ्या प्रत्येकाकडे आशेनं बघत होता.

"तुम्हाला वाचता येतं का?" त्यानं तिला विचारलं.

"पहिलीपासून येतं."

"मोठ्यानं?"

"मी औषधांच्या दुकानात काम करते. डॉक्टरांचं अक्षर वाचते आणि म्हाताऱ्या माणसांना ओरडून सांगते. अर्धी गोळी, जेवणानंतर, पाण्याबरोबर."

तो हसला नाही. त्यानं डोळे मिटून ते ऐकलं, गाण्याचा मुखडा ऐकावा तसं, आणि म्हणाला, "या आत."

पुस्तक जाडजूड होतं. आशियातले पवित्र पर्वत, तिथले मंत्रतंत्र, पूजाविधी. नावं अशी की जिभेला गाठ बसावी; दोन वाचक त्यापायी आधीच पळाले होते. तिनं पहिलं पान वाचलं. एक नाव अडलं, तिनं जीभ चावली, पुन्हा वाचलं. काचेपलीकडे त्यानं बटण दाबलं आणि त्याचा आवाज तिच्या कानातल्या हेडफोनमध्ये उतरला, अगदी जवळून, कुणी खांद्यावर वाकून बोलावं तसा.

"घाई नाही. डोंगर कुठे पळून जात नाहीत."

यंत्र बदलून घ्यायचं ती विसरलीच. घरी मावशीनं विचारलं तेव्हा म्हणाली, "उद्या पुन्हा जाते." तिच्या आवाजात काहीतरी होतं. मावशीला डोळ्यांनी दिसत नव्हतं, म्हणून ते लगेच कळलं.

दुपारी दुकान बंद असायचं, तेव्हा ती स्टुडिओत जाऊ लागली. त्याला ती कानसेन म्हणायची, कारण तिच्या पोटात गुडगुडलं तरी त्याला ऐकू जायचं आणि तो गंभीर चेहऱ्यानं सांगायचा, "बाईसाहेब, जेवून येत जा. पर्वतराजाच्या वर्णनात भूकंप ऐकू येतोय."

पावसात मात्र काम बंद पडायचं. पत्र्यावर थेंब वाजू लागले की तो हेडफोन काढून ठेवायचा, किटलीत चहा करायचा, आणि दोघं काचेच्या एकाच बाजूला बसायची. पावसाळा तिला पूर्वी कधी एवढा आवडला नव्हता. वाचता वाचता तिचा एक कान छपराकडे असायचा.

चीनमधल्या जुन्या तपस्व्यांचं प्रकरण आलं. ते डोंगरात शिरताना पाठीवर आरसा बांधत. कारण डोंगरातली भुतंखेतं माणसाचं रूप घेऊन येतात, पण आरशात त्यांचं खरं रूप लपत नाही. त्या दिवशी चहाच्या वेळी तो काचेला नाक लावून उभा राहिला.

"बघा बरं, माझं खरं रूप कसलं दिसतंय?"

"कान," ती म्हणाली. "वरपासून खालपर्यंत नुसते कान."

"आणि तुमचं सांगू?"

"सांगा ना."

"मला दिसतंय ते..." तो थांबला. त्यानं काचेवरचा आपल्याच श्वासाचा ठसा बाहीनं पुसला. "ते असं अहो-जाहो करत सांगता नाही येणार."

"मग अरे-तुरे करा. मी काय फी लावलीय?"

त्या दिवसापासून दोघं एकमेकांना तू म्हणू लागली. पण काचेत काय दिसलं ते त्यानं सांगितलं नाही, आणि तिनंही आठवण करून दिली नाही. आज ना उद्या सांगेलच, असं तिला वाटलं.

मग जपानमधल्या एका डोंगराचं प्रकरण आलं. त्या डोंगराचा नियम जुना आहे. जे तिथे जाऊन आले त्यांनी काय पाहिलं ते सांगायचं नाही. जे गेले नाहीत त्यांनी विचारायचं नाही. तिनं ती दोन वाक्यं वाचली आणि पत्रा वाजू लागला.

"सांगायचं नाही, विचारायचं नाही," तो किटलीत पाणी ओतत म्हणाला. "काय सोय आहे! आपल्याकडे लोक भाजी आणायला जाऊन आले तरी तासभर सांगतात."

"आणि ऐकणाराही पालकाचा भाव विचारतो."

"आपण करू या का तसं? एखादी गोष्ट सांगायची नसेल तर नुसतं 'डोंगर' म्हणायचं. समोरच्यानं गप्प बसायचं."

"लबाड. तुला कायकाय लपवायचंय?"

"डोंगर," तो म्हणाला, आणि दोघं इतकी हसली की चहा बशीत सांडला.

खेळ गोड होता. आज नवीन कानातलं कशासाठी? डोंगर. मिशी का उडवली? डोंगर. रस्त्यात मला बघून फुटपाथ का बदललास? डोंगर, डोंगर! प्रत्येक डोंगराआड काय आहे हे दोघांनाही साधारण ठाऊक होतं. म्हणून तर न विचारण्यात मजा होती.

मग एका दुपारी ती आलीच नाही.

त्याच दिवशी त्याला एक फोन आला होता. उंच पर्वतांतले आवाज टिपायला एक पथक निघत होतं: हिमनदी तडकतानाचा आवाज, मठातल्या लांब शिंगांचा, प्रदक्षिणा घालणाऱ्यांच्या पावलांचा. दोन वर्षांचं काम. त्यांना त्याच्यासारखा कान हवा होता. जे पर्वत तो काचेमागे बसून नुसता ऐकत आला होता, ते आता त्याला बोलावत होते. त्यानं विचार करायला मुदत मागितली. विचार असा काही करायचा नव्हता. फक्त तिला विचारायचं होतं. तिनं नुसतं 'जाऊ नकोस' म्हटलं असतं तरी त्याला पुरलं असतं.

दुसऱ्या दिवशी ती आली, घाईघाईत, केस अर्धवट बांधलेले.

"काल कुठे गायब?" त्यानं होता होईल तेवढ्या हलक्या आवाजात विचारलं.

गोष्ट सांगण्यासारखी होती आणि विनोदी होती. मावशीच्या मैत्रिणीनं आपल्या मुलाशी तिची भेट ठरवली होती. त्या मुलानं एक कप चहात तिला आपली मोटार एका लिटरमध्ये किती धावते ते चढावर, उतारावर आणि सपाटीवर असं वेगवेगळं सांगितलं होतं. ती सगळी नक्कल मनात बसवूनच आली होती. पण त्याच्या डोळ्यांत तिला बारीकशी काळजी दिसली, आणि ती तिला फार आवडली. जरा राहू दे तशीच, असं वाटलं.

"डोंगर," ती म्हणाली आणि हसली.

तो हसला नाही. खालच्या मजल्यावरच्या कारकूनबाईंनी सकाळीच त्याला बातमी दिली होती. मावशीशी त्यांची ओळख होती. "आपल्या औषधवालीचं जमतंय बरं का. मुलगा चांगला कमावता आहे." त्यानं बटण दाबलं. "घेऊ या?"

नंतरच्या दिवसांत तो कमी बोलू लागला. चुकलं की नुसतं 'पुन्हा' म्हणायचा. पोटातल्या भूकंपांची तक्रारही थांबली. एकदा चहा करताना तिनं विचारलं, "काय झालंय तुला?"

तो किटलीकडे बघत राहिला. "डोंगर."

त्याला वाटलं, आता ती भांडेल. नियम गेला खड्ड्यात, बोल, असं म्हणेल. पण ती नियम पाळणारी होती. चिठ्ठीशिवाय झोपेची गोळी तिनं सख्ख्या काकालाही दिली नव्हती. त्यात थोडा रुसवाही होता. याला सांगायचं नाही, तर मी कशाला मागे लागू? दोघांनी चहा प्याला. पाऊस थांबला. दोघं काचेच्या आपापल्या बाजूला गेली.

तयार झालेली प्रकरणं मावशी घरी नव्या यंत्रावर ऐकत होती. शेवटचं प्रकरण तेवढं वाचायचं राहिलं होतं, तेव्हा एका संध्याकाळी मावशीनं यंत्र बंद केलं.

"मधे तू वाचत नव्हतीस, कुणाशी तरी बोलत होतीस," मावशी म्हणाली. "आणि आता परत वाचायला लागलीस. निरोप वाचावा तशी. भांडलात?"

"नाही गं."

"मग?"

तिनं सगळं सांगितलं. नियमाचं, खेळाचं, त्याच्या गप्प होण्याचं.

"म्हणजे त्याला काहीतरी खुपतंय आणि तू विचारत नाहीस. का, तर कुठल्याशा डोंगराचा नियम आहे?"

"तसं ठरलंय आमचं."

"अगं वेडाबाई," मावशीनं कपाळावर हात मारला, "तो डोंगर आहे का माणूस? जा, विचार जा. तिकडे मोटारवाल्याची आई मला रोज फोन करून हैराण करतेय, तिला तरी काय ते सांगून टाकते."

दुसऱ्या दिवशी ती ठरवून गेली. पाऊस येईल, काम थांबेल, चहा होईल, तेव्हा विचारायचं. शेवटचं प्रकरण तिबेटातल्या एका पर्वताचं होतं. त्याच्या माथ्यावर कुणी चढत नाही. लोक त्याच्याभोवती प्रदक्षिणा घालतात आणि घरी जातात. तिनं वाचायला सुरुवात केली. बाहेर लख्ख ऊन पडलं होतं. एक पान झालं, दुसरं झालं. पत्रा गप्प होता. पानं संपत आली तशी ती सावकाश वाचू लागली, स्वल्पविरामावरही पूर्णविरामाइतकी थांबू लागली.

मग एका वाक्याच्या मध्येच तिनं पुस्तक उपडं ठेवलं. ध्वनिमुद्रणाचा लाल दिवा चालूच होता.

"काय लपवतोयस तू?" तिनं माइकमध्येच विचारलं. "आणि डोंगर म्हणालास तर पुस्तक फेकून मारीन. जड आहे."

त्यानं यंत्र थांबवलं. तो काचेला वळसा घालून आत आला. ती वाचत असताना तो त्या बाजूला कधीच येत नसे. टेबलाच्या कडेला टेकला.

"मी जातोय," तो म्हणाला. "दोन वर्षांसाठी... कदाचित जास्तही." त्यानं फोनचं सांगितलं, पथकाचं सांगितलं, हिमनदीच्या आवाजाचं सांगितलं.

"हो म्हणालास?"

"आज सकाळी."

औषधाची बाटली हातातून सुटल्यावर फुटायच्या आधी जो एक क्षण असतो, तसं काहीतरी झालं.

"मला का नाही विचारलंस?"

"विचारलं होतं. त्या दिवशी, 'काल कुठे गायब?' म्हणून. तू डोंगर म्हणालीस... मग खालच्या बाईंनी सांगितलेलं खरंच वाटलं. तुझं जमलंय म्हणून."

"जमलंय?" ती हसायला लागली आणि हसता हसता तिचे डोळे भरून आले. "अरे, त्या माणसानं मला मोटारीचं पेट्रोल सांगितलं. चढावर किती, उतारावर किती. तुला नक्कल करून दाखवणार होते मी. घरून पाठ करून आले होते."

"मग दाखवली का नाहीस?"

"तू जरा जळावंस म्हणून."

"जळलो की," तो म्हणाला. "चांगला कोळसा झाला."

मग तो एकदम म्हणाला, "मी त्यांना नाही म्हणून कळवतो. आत्ताच. माझं... माझं तुझ्यावर प्रेम आहे, हे तुला कळलं असेलच."

"कळलं होतं. ऐकायचं राहिलं होतं." तिनं त्याचा हात धरला; पहिल्यांदाच. "माझंही आहे. पण 'नाही' असं कळवू नकोस."

"का?"

"मघाशी हिमनदीचं सांगताना तुझा चेहरा तू पाहिला नाहीस. मी पाहिला. उद्या तू इथे थांबलास आणि पुढच्या वर्षी पत्र्यावरचा पाऊस ऐकत बसलास, तर माझ्याकडे बघून तुला ती हिमनदीच आठवेल. काल विचारलं असतंस तर मी स्वार्थीपणानं थांब म्हणाले असते, आणि तू आनंदानं थांबला असतास. आता ते जमायचं नाही."

"तू चल."

"मावशीला कुठे ठेवू?"

त्यानं टेबलावरचं उपडं पुस्तक उचलून तिच्या हातात दिलं. थोड्या वेळानं तो पलीकडे गेला, लाल दिवा लागला, आणि राहिलेलं वाक्य तिनं पहिल्यापासून वाचलं. कुठेही न अडखळता.

तो निघाला त्या सकाळी ती गाडीच्या थांब्यावर गेली. गाडीला उशीर होता. बाकड्यावर बसून ती दोघं इतकं बोलली, जितकं त्या सगळ्या पावसाळ्यात बोलली नव्हती. मिशी का उडवली? कारण ती म्हणाली होती, चहात बुडते. फुटपाथ का बदलला? खिशात तिच्यासाठी घेतलेला गजरा होता आणि धीर झाला नाही. कानातलं कशासाठी? अर्थात त्याच्यासाठी. काचेत काय दिसलं होतं? "संध्याकाळी घरी गेल्यावर जिच्याशी बोलावं, अशी बाई," तो म्हणाला, आणि तिनं तोंड फिरवलं.

"वाट बघशील?" त्यानं विचारलं.

"वचन नको मागू. देईन आणि पाळत बसेन. माहितेय ना मी कशी आहे ते."

"लिहिशील तरी?"

"तू आधी पोच. तिथे गेल्यावर किती आठवते बघ."

गाडी आली तेव्हा ती त्याला लहानपणी जिन्यावरून पडली होती त्याची गोष्ट सांगत होती. "मग? मग काय झालं?" तो पायरीवर उभा राहून विचारत होता. चालकानं भोंगा वाजवला. "काही नाही रे, टाके पडले," ती म्हणाली, "जा आता." खिडकीतून त्याचा हात बराच वेळ दिसत राहिला.

थांब्यावरून परस्पर येऊन दुकानाचं शटर वर करताना तिच्या मनात सहज आलं, त्याला भावंडं किती? एकुलता एक आहे का? धाकटी बहीण असेल का, तिलाही तो असाच चिडवत असेल का? तिला माहीत नव्हतं. एवढे दिवस समोरासमोर बसून एवढी साधी गोष्ट तिनं त्याला विचारली नव्हती. फोन करता आला असता. तिनं फोन हातात घेतलाही.

तेवढ्यात दिवसाचं पहिलं गिऱ्हाईक पायरी चढून आलं. काठी टेकत आलेले आजोबा. त्यांनी चिठ्ठी पुढे केली आणि कानामागे हात धरून उभे राहिले. तिनं फोन खाली ठेवला, चिठ्ठी उजेडात धरली आणि मोठ्यानं वाचायला सुरुवात केली.