दुसऱ्या कणगीतली मुंबई

कणगीच्या तळाला हात लागला आणि सुमनबाईचा चेहरा उतरला.

"मामा, गाठोडं न्हाई."

दिनकररावांनी उपसून ठेवलेल्या ज्वारीकडे पाहिलं. मग सुनेकडे. "नीट बघ."

"दोनदा बघितलं."

नर्मदाबाईंनी, म्हणजे त्यांच्या बायकोनं, मुंबईची सहल या कणगीवर बांधली होती. खाडीपल्याड आभाळाला टेकणाऱ्या पाळण्यांची बाग झालीय, बोटीनं जावं लागतं, हे ऐकल्यापासून नातवंडांना तिथं न्यायचंच, असं त्यांनी ठरवलं होतं. घरात दोन कणग्या. पहिलीतली ज्वारी वैशाखात संपायची आणि तेव्हाच शाळेला सुट्टी असायची. म्हणून शेळ्या विकून आलेला पैसा त्यांनी मार्गशीर्षातच दुसऱ्या कणगीच्या तळाला ठेवला. रेल्वे, बोट, बागेचं तिकीट, सगळ्याचा हिशोब तोंडपाठ. जेवण मात्र घरच्या दशम्यांचं.

पौषात त्या गेल्या. जाताना सगळ्यांदेखत म्हणाल्या, "दुसरी कणगी उघडली की निघा. माझ्यापायी थांबू नका."

"रायभाननं नेलं," पंडित म्हणाला. तो दिनकररावांचा एकुलता मुलगा; रायभान घरची मेंढरं राखणारा गडी. "कणगी भरायला आईसंगं तोच व्हता. मेंढरं घेऊन जायच्या आधीच काढलं असंल. परवा आलाय, तवापासून तोंड चुकवायलाय. चला आण्णा, ठाण्यात चला. तुमचीच मान्सं हायत तिथं."

दिनकरराव जिंतूरच्या ठाण्यातून जमादार म्हणून निवृत्त झाले होते. ते म्हणाले, "आधी त्याला बोलाव."

रायभान आला. घोंगडी खांद्यावर, नजर जमिनीवर.

"गाठोडं ठेवलं तवा तू व्हतास?"

"व्हतो की. माय म्हणली, माझी मुंबई ज्वारीत पुरायलेय, ध्यान ठिव."

"झाकण कुणी लिंपलं?"

"मायनंच. शेण-माती मी कालवली."

"तू गेलास कवा?"

"तिसऱ्या दिशी मेंढरं हाकली. गोदागंगेकाठीच व्हतो, परवापस्तोर."

"मग तोंड का चुकवायलास?"

रायभाननं घोंगडी सारखी केली. "मायच्या मयताला आलो न्हाई, मालक. तोंड कोणतं दावू?"

"वा!" पंडित हसला. "चोर काय चोरी केली म्हून सांगल व्हय?"

दिनकरराव खाली बसले. सकाळी सुनेनं फोडलेल्या झाकणाचे तुकडे पडले होते. त्यांनी एकेक उलटून पाहिला. वरून सपाट, गुळगुळीत. शेजारी सुपात ज्वारीवरून काढलेला कडुनिंबाचा पाला होता. चिमूटभर उचलून त्यांनी धोतरावर पसरला. सुकलेल्या पानांत बारीक, पिवळसर फुलं होती.

"सुमन, पाडव्याला घरात निंब आणला व्हता?"

"कशाचा, मामा? मयताचं वरीस. गुढीच उभारली न्हाई. मी पोरांना घेऊन ताडकळसला म्हायेरी व्हते."

"आन मी आठ दिस पेन्शनच्या कामाला परभणीला." दिनकररावांनी अंगणात पाहिलं. पंडितची मोटारसायकल तिच्यासाठीच बांधलेल्या सिमेंटच्या ओट्यावर उभी होती. "पंडित, गाडी कवा घेतलीस?"

"हप्त्यावर घेतली. सांगितलं की."

"कशी न्हाई इचारलं. कवा?"

"चैतात."

"पाडव्याला. हँडलला साखरेच्या गाठीचा दोरा अजून हाय."

"दुकानदारानं बांधली. त्यात काय?"

दिनकरराव उठले.

"तुझ्या आईनं मार्गशीर्षात झाकण लिंपलं. तवा निंबाला फूल नसतं. फूल येतं चैतात. म्हंजे कणगी चैतात उघडली आन वरून ताजा पाला घालून बंद केली. रायभान तवा गंगेकाठी."

"मग गावातला दुसरा कोणी..."

"भाईरचा चोर गाठोडं घेऊन पळतो. दुसऱ्याच्या ज्वारीला कीड लागंल म्हून पाला घालत बसत न्हाई. ही काळजी ती ज्वारी खाणाराला." त्यांनी एक तुकडा पंडितच्या हातात ठेवला. "बाई लिंपती तवा बोटांच्या कमानी उठतात. हे थापीनं वढलंय. त्या ओट्यावर फिरवलीस, त्याच थापीनं."

पंडितनं तुकडा खाली टाकला.

"आई तर गेली व्हती, आण्णा. एका दिवसात पाळण्यात उडवायचा का पैसा? गाडी धा वरसं चालल. तुमालाच जिंतूरला नेतो ना बसवून?"

दिनकररावांना ते आठवलं. चार वेळा ते त्या गाडीवर बसले होते.

"आन तुमी रायभानला बेड्या घालायला निघाला व्हता," सुमनबाई म्हणाली. तिनं नवऱ्याकडे पाठ फिरवली.

रायभान कुणाकडे न बघता ज्वारी पुन्हा कणगीत भरायला लागला. दिनकररावांनी दुसरं सूप घेतलं आणि त्याच्या शेजारी बसले.

दिनकररावांनी आयुष्यभर लोकांची पोरं ठाण्यात नेली. आपल्या पोराची फिर्याद त्यांनी दिली नाही. पंडितनं रायभानची माफी मागितली नाही. गाडी विकायला काढली, तर गिऱ्हाईक निम्म्या किमतीवर अडलं. तोवर शाळा सुरू झाली.

नर्मदाबाईंच्या नातवंडांना पाळण्यात बसवायचं राहिलं.