धुराची फाइल

दाढी-कटिंगचा नंबर लागेपर्यंत चहा घ्या आणि मोबाइल खाली ठेवा. ए, तू दात काढू नकोस, तुला अजून मिसरूड फुटायचंय. वहीबला तुम्ही ओळखत नाही, मी ओळखतो. समोरच्या हाज फिक्रीच्या सायबर कॅफेमध्ये कॉम्प्युटर दुरुस्त करायचा. त्याच्या बाबतीत जे घडलं ते सांगतो, मीठमसाला न लावता.

यंदाच्या रमजानचा सव्विसावा रोजा. रोजा सोडायची, म्हणजे इफ्तारची तोफ सहा वाजून सात मिनिटांनी. साडेपाचला हाज घरी निघाला, तेव्हा वहीब मशीनींसमोर डोकं धरून बसला होता.

"काय बाशमोहंदिस, इंजिनियरसाहेब? ईदला पोरांची झुंबड उडणार. तो गोदामवाला गेम चालू झाला का?"

"कुठला, हाज! उघडला की रडतो. एक फाइल सापडत नाही म्हणतो. धूर काढणारी."

"आता धुराला पण फाइल?"

"धुराला, पाण्याला, सावलीला. गेम नुसता हुकूम सोडतो, इथे धूर हवा म्हणून. चित्र काढते ती ही फाइल. ती नसली की गेमचं घोडं अडतं."

"मग टाक कुठून तरी. आणि इफ्तारला घरी पोच, नाहीतर तुझी आई माझं डोकं खाईल."

कुठून तरी, म्हणजे ज्या मशीनवर गेम चालतो तिथून उचलायची. सायबरवाल्यांची हीच रीत. बारापैकी अकरा मशीन कोऱ्या. जुनी एकच, कोपऱ्यातली, काजळी धरलेली नऊ नंबर. बासेमची.

बासेम हा वहीबचा कामातला जोडीदार. गेल्या वर्षी, याच सव्विसाव्या रोजाला, ऐन इफ्तारला दुकानात वायर जळाली. आग एवढीशी, पण धूर इतका की पोरगा आत गुदमरून गेला. शटर अडकलं होतं, असं वहीबने सगळ्यांना सांगितलं. ते खोटं होतं. घरी पळायच्या घाईत, आत कोणी आहे का ते न बघता, वहीबनेच बाहेरून कुलूप घातलं होतं. परत आल्यावर सगळ्यांच्या आधी काढलंही त्यानेच. तेव्हापासून त्याला घास गोड लागत नव्हता. पण बोलायची हिंमत नव्हती.

तर त्याने नऊ नंबरमधून फाइल उचलली आणि बाकीच्या अकरांवर पाठवली. मशीनने विचारलं, 'या नावाची फाइल तिथे आधीच आहे. बदलू?' मघाशी सापडत नव्हती ती आधीच कशी असेल? पण वाचतो कोण! रोज शंभरदा दाबायचा तसंच दाबलं. हो. सगळ्यांना.

बाहेर तोफ झाली. रस्ता ओस पडला.

वहीबने खजूर तोंडात टाकला आणि गेम लावला. गोदाम आलं. धूर आला. झकास धूर. वळत, उतरत, कोपऱ्यात साचत... तो खूश झाला. मग त्याला धुरात एक शटर दिसलं. या गेममध्ये शटर नाही, हे त्याला पक्कं ठाऊक होतं.

शटरवर कोणीतरी ठोकत होतं. तीन ठोके. थांबून दोन.

बाकीच्या अकरा मशीन आपोआप उजळल्या. सगळ्यांवर तेच शटर. खुंट्यांवर टांगलेल्या बारा हेडफोनांतून तेच ठोके. तीन... दोन...

तो दाराकडे पळाला. अर्धं वर ठेवलेलं शटर खाली आलेलं. उचललं, हलेना. बाहेरून कुलूप. उघडंच टांगून ठेवलेलं कुलूप... आणि चावी याच्या खिशात.

हाजला फोन लावला. घंटा वाजत राहिली. आईला लावला. घंटा वाजत राहिली. तोफेनंतरच्या पहिल्या घासाला फोन कोण उचलतो?

त्याने दोन्ही मुठींनी शटर बडवलं. "कोणी आहे का? अरे, मी आत आहे!"

कोणी नाही.

पाठीमागे खोकला. त्याने वळून पाहिलं नाही. खोलीत धुराचा वास नव्हता, पण श्वास पुरेना. तो शटरपाशी जमिनीलगत झुकला. आणि वर्षभर जे दाबून ठेवलं होतं ते बाहेर पडलं.

"बासेम... कुलूप मी घातलं रे. हाक नाही मारली. बघितलं नाही... मी बघितलंच नाही!"

ठोके थांबले.

बारा पडद्यांवर एक चौकट आली. एकच शब्द.

सगळ्यांना?

सगळ्यांना सांगणार का, असंच ते विचारतंय, हे तो समजला. रांगत जाऊन त्याने हो दाबलं. मग चावी शटरखालून बाहेर सरकवली आणि पुन्हा बडवत सुटला. या वेळी मी हातातलं ताट टाकून धावलो. कुलूप मी काढलं. वहीब माझ्या पायावर पडून 'कुलूप मीच घातलं होतं' म्हणून ओरडत होता, आणि लोक तोंडातला घास तसाच ठेवून ऐकत होते. त्याच रात्री तो बासेमच्या आईच्या दारात गेला. तिने सगळं ऐकून घेतलं आणि दार लावून घेतलं. तो पहाटेपर्यंत पायरीवर बसून होता.

सकाळी अकरा मशीनवरची चौकट गेलेली. गेम सुरळीत. नऊ नंबरवरची मात्र हटेना. वहीब रडकुंडीला येऊन मला म्हणाला, "उस्ता हिलमी, आता कोणाला सांगायचं राहिलंय?"

माझं मला कळलं होतं.

गेल्या वर्षी मी याच खुर्चीवर इफ्तार करत होतो. ठोके मी ऐकले होते. तीन... थांबून दोन. त्या सायबरमधून दिवसभर असलेच आवाज यायचे, गोळ्या, किंकाळ्या, आदळआपट. मला वाटलं गेममधलंच असेल. मी उठलो नाही. उलट टीव्हीचा आवाज वाढवला. लाज वाटते रे. आज पहिल्यांदा तोंडातून काढतोय.

हाज ती मशीन भंगारात देणार होता. मी मागून घेतली. ती काय, आरशाखाली, टॉवेल टाकलेली. वायर मी स्वतः कापलीय, हात लावून बघा.

ए हसऱ्या, दिवा मालव. टॉवेल मी काढतो...

चौकट दिसतेय?

सगळ्यांना?

खाली बटण एकच आहे, 'हो'चं. 'नाही'चं बटण नाहीच.