मास्तरांचे ओठ

बसा साहेब. दिग्दर्शकाला बसा म्हणणारा मी कोण, पण हे उभ्या उभ्या ऐकायचं नाही. सांगताना तुमच्या नजरेला नजर देणार नाही, तेवढं चालवून घ्या.

त्या दुपारी मी डबिंगला आलो होतो. मालिकेतले वडील, म्हणजे आपले मास्तर, नुकतेच वारले होते. त्यांच्या शेवटच्या प्रसंगाचा आवाज खराब आला होता, तो मी भरायचा होता. पुढे वडिलांची भूमिकाही मलाच मिळणार होती. बावीस वर्षं मी पडद्यावर ‘आम्ही खूप प्रयत्न केले’ म्हणणारा डॉक्टर. लोक चेहरा ओळखतात, नाव कुणाला ठाऊक नाही. मास्तरांचंही तेच. या मालिकेआधी ते पडद्यावर कायम शाळेतले मास्तर, म्हणून सगळे मास्तरच म्हणायचे.

ओळी विसरायचो मी, साहेब. मग मास्तर कॅमेऱ्याशेजारी उभे राहून नुसते ओठ हलवायचे. मी ते वाचून बोलायचो. तुम्ही म्हणायचात, डॉक्टर डोळ्यांनी काय अभिनय करतो!

आणि मीच तुमचे कान भरले, “मास्तरांना हल्ली काही आठवत नाही हो.” चोराच्या उलट्या बोंबा. तुम्ही त्यांना घरी बसवलंत. आठवडाभरात ते गेले. त्यांच्या बायकोसमोर मी रडलोसुद्धा. आठवलं की अजून लाज वाटते.

डबिंगच्या खोलीत जाड कापडाचा कुबट वास होता. दार लागलं की तिथे आपलाच श्वास ऐकू येतो. काचेपलीकडे रेकॉर्डिस्ट बसलेला. कागदावर एकच ओळ होती, “मला काही नको, पोरी.” ती मी म्हटली.

पण पडद्यावरचे मास्तर थांबले नाहीत. त्यांनी माझ्याकडे पाहिलं आणि ओठ हलवले. सावकाश... मला कळावं म्हणून, नेहमीसारखे. माझं तोंड सवयीनं उघडलं.

“विसरायचो तो मी... मास्तर नाही... मी खोटं बोललो...”

“सर,” काचेपलीकडून आवाज आला, “हे कागदावर नाही.”

“पुसून टाक. त्यांचे ओठ हलले म्हणून मी...”

“ओठ?” तो थबकला. “सर, या शॉटमध्ये मास्तर पाठमोरे आहेत...”

त्यानं ते पुसलं. भला माणूस, कुठे बोलला नाही. मीही गप्प बसलो. भूमिका हवी होती ना.

तेव्हापासून माझी एकही ओळ चुकलेली नाही. बायको विचारते, “अहो, पाठांतर करता तरी कधी?” काय सांगणार तिला?

आता मला काढून टाका, साहेब. पण एक लक्षात आलं का? दोन ओळी पाठ न होणारा मी, एवढं सगळं एकदाही न अडखळता बोललो.

नाही... मागे वळू नका. मघापासून मी तुमच्या खांद्यामागेच बघतोय.

थांबा... अजून एक ओळ आहे. ही तुमच्यासाठी आहे, मास्तर म्हणतात.