धुतलेली चाळीस डोकी

कामाच्या पहिल्याच दिवशी मी नगराध्यक्षांचं डोकं धुऊन टाकलं. एक नव्हे, चाळीस.

कार्टूनपटांच्या त्या स्टुडिओत सेल्युलॉइडच्या पारदर्शक तावांवर चित्रं काढत. धड एका तावावर, डोकं दुसऱ्यावर, टोपी तिसऱ्यावर; आणि डोकं हललेलं दिसायला त्याचेच चाळीस ताव. चित्रण झालं की ताव धुऊन पुन्हा वापरायचे. हे काम मला मावशीने मिळवून दिलं होतं. रंगखातं तिच्याकडे होतं.

"अहो... इथली चळत कुठेय?" दारात चित्रकार उभा होता. कानावर ब्रश, हनुवटीला शाई.

"वाळत घातलीय. मिशी तेवढी निघता निघत नव्हती."

तो मटकन स्टुलावर बसला. "त्यांचं चित्रण व्हायचं होतं. उद्या सकाळी सेन्सॉरचे साहेब येतायत."

"चित्रपट अडला तर परवापासून घरी बस," मागून आलेली मावशी मला म्हणाली.

त्याने माझ्याकडे पाहिलं — आणि चक्क हसला. "धड आहे ना? टोपी आहे? मग डोक्यावाचून चालवू."

दुपारभर मी ताव पुसून देत होते, तो कॅमेऱ्याखाली मांडत होता. बोटांना बोटं लागली, की दोघंही उगाच तावाकडे बघायचो...

सकाळी पडद्यावर पोट पुढे, हात मागे आणि वर अधांतरी टोपी, अशा थाटात नगराध्यक्ष कोरड्या नळाचं उद्घाटन करायला निघाले.

"पदावरच्या माणसाचा चेहरा दिसला तर बंदी, असा नियम आहे," साहेब म्हणाले. "पण चेहरा कुठेय?"

"नाहीच आहे, साहेब," मी म्हणाले. "मी स्वतः धुतलाय."

शिक्का पडला.

शुक्रवारी थिएटरात ती चाल दिसली मात्र, मागच्या रांगेतून कुणीतरी ओरडलं, "आले, नगराध्यक्ष आले!" पुढचं संगीत हशात कुणाला ऐकूच आलं नाही. महिन्याभरात गावातल्या खऱ्या नळाला पाणी आलं.

त्या पाण्याने मी ताव धूत होते, तेव्हा तो आला. हातात एकच ताव. त्यावर मी — बाह्या वर, कोपरापर्यंत फेस.

"एकाच चित्रात ही हलणार कशी?" मी विचारलं.

"पुढचं अडलंय. तिला लग्नाचं विचारलं, तर ती काय करेल... कळत नाहीये."

मी हात पुसले. तो ताव सगळ्यात वरच्या फळीवर ठेवला, पाणी पोचणार नाही तिथे.

"पुन्हा चाळीस डोकी काढावी लागतील तुम्हाला," मी म्हणाले. "ती मान डोलावते."